अनुकंपावर लागलात? आधी नियुक्ती आदेश पुन्हा वाचा

कर्मचाऱ्यांच्या नेमणुका आणि सेवेचे कागद सांभाळणाऱ्या आस्थापना शाखेत मी बरीच वर्षे काढली. अनुकंपावर, म्हणजे नोकरीत असताना वारलेल्या कर्मचाऱ्याच्या कुटुंबातला म्हणून, लागलेली मुलं-मुली रुजू व्हायला येतात तेव्हा सोबत बहुतेक वेळा आई असते, आणि आईच्या हातात प्लास्टिकच्या पिशवीत सगळे कागद. आदेश घरी जातो, देवापुढे ठेवला जातो, शेजारीपाजारी पेढे वाटले जातात आणि मग तो कपाटात बंद होतो. त्यातल्या अटी कुणी वाचत नाही. थेट कारणे दाखवा नोटीस आली की तो पुन्हा बाहेर येतो, तोवर एखाद्या अटीची मुदत उलटून गेलेली असते.

अनुकंपा नोकरी मिळवायची कशी यावर ढीगभर माहिती सापडते. मिळालेली नोकरी टिकवायची कशी, यावर फारसं कुणी बोलत नाही. हा लेख त्याबद्दल आहे. मुख्यतः महाराष्ट्र शासनाच्या गट क आणि गट ड कर्मचाऱ्यांसाठी. जिल्हा परिषद, अनुदानित शाळा आणि केंद्र सरकारच्या नोकरीतला फरक जिथे महत्त्वाचा तिथे सांगतो.

ही नोकरी पक्की की कच्ची?

ऑफिसात कुणीतरी टोमणा मारतंच, "तुझं काय, तू अनुकंपावरचा." त्यामुळे अनेकांना वाटत राहतं की आपली नोकरी इतरांपेक्षा हलकी आहे, कधीही काढून टाकतील.

तसं नाही. अनुकंपा ही फक्त आत येण्याची वाट आहे. स्पर्धा परीक्षेतून आलेला लिपिक आणि अनुकंपातून आलेला लिपिक एकाच मंजूर पदावर, एकाच वेतनश्रेणीत, एकाच सेवानियमांखाली काम करतात. महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम १९७९ दोघांना सारखेच लागू. राज्यघटनेच्या अनुच्छेद ३११ चं संरक्षणही सारखंच: चौकशी न करता, बाजू मांडायची संधी न देता बडतर्फ करता येत नाही.

मात्र आत येण्यापूर्वी तुमचा हक्क नव्हता, हेही खरं. सर्वोच्च न्यायालयाने १९९४ मध्ये हरियाणातल्या एका प्रकरणात स्पष्ट केलं की अनुकंपा नियुक्ती हा वारसाहक्क नाही. कमावता माणूस गेल्यावर कुटुंब अचानक उघड्यावर पडतं, त्यातून सावरण्यासाठी भरतीच्या नेहमीच्या नियमाला केलेला तो अपवाद आहे. अपवाद म्हटला की अटी आल्या. म्हणून या नोकरीला खरा धोका कामातल्या चुकांपेक्षा दोन ठिकाणांहून येतो: आदेशातल्या अटी आणि अर्ज करताना दिलेली माहिती. बाकीचं सगळं इतरांसारखंच.

आदेश घेऊन बसा, हातात पेन्सिल घ्या

पहिल्या परिच्छेदात संदर्भ असतात. महाराष्ट्रात अनुकंपाची मूळ योजना २६ ऑक्टोबर १९९४ च्या शासन निर्णयाची; नंतरच्या सगळ्या सुधारणा २१ सप्टेंबर २०१७ च्या शासन निर्णयात एकत्र केल्या, आणि १७ जुलै २०२५ रोजी सुधारित धोरण आलं. तुमच्या आदेशात यातला कोणता निर्णय उद्धृत केलाय ते बघा आणि त्याची प्रत शासनाच्या संकेतस्थळावरून उतरवून आदेशासोबत ठेवा. पुढे वाद झालाच तर पहिला प्रश्न हाच असतो की नियुक्ती कोणत्या धोरणाखाली झाली.

मग सही बघा. आदेश सक्षम नियुक्ती प्राधिकाऱ्याचा आहे का? पदनाम, वेतनस्तर आणि पद रिक्त व मंजूर असल्याचा उल्लेख आहे का? "मानधन", "कंत्राटी" किंवा "११ महिने" असा शब्द कुठे दिसला तर रुजू होण्याआधीच लेखी विचारा. अनुकंपा नियुक्ती नियमित पदावर असते.

त्यानंतर अटी. प्रत्येक अटीसमोर पेन्सिलने दोन गोष्टी लिहा: शेवटची तारीख काय आणि पूर्ण केल्याचा पुरावा कोणता. साधारण या अटी सापडतात: वैद्यकीय तपासणी, चारित्र्य पडताळणी, लहान कुटुंबाचं प्रतिज्ञापन, टंकलेखन आणि संगणक अर्हता, मराठी-हिंदी भाषा परीक्षा (शालान्त परीक्षेला ते विषय असतील तर सूट मिळते, पण सूट मिळाल्याचा आदेश निघावा लागतो, तो आपोआप निघत नाही), सेवाप्रवेशोत्तर परीक्षा आणि कुटुंब सांभाळण्याचं हमीपत्र. महसूल खात्यात लागला असाल तर दुय्यम सेवा परीक्षा आणि पुढे पदोन्नतीसाठी महसूल अर्हता परीक्षा. इतर खात्यांच्या आपापल्या.

आदेशात तुमचा प्रवर्ग लिहिलाय का, हेही बघून ठेवा. अनुकंपा नियुक्ती जातीच्या आधारावर मिळत नाही. तरीही आदेशात जात वैधता प्रमाणपत्राची अट घातलेली असेल, तर "आपण कुठे राखीव जागेवर आलो" म्हणून ती सोडून देऊ नका. एकतर प्रमाणपत्र द्या, नाहीतर अट लागू नसल्याचं कार्यालयाकडून लेखी घ्या.

टंकलेखन: सर्वांत जास्त नोकऱ्या इथे अडकतात

लिपिक-टंकलेखक पदासाठी मराठी ३० किंवा इंग्रजी ४० शब्द प्रति मिनिट वेगाचं शासकीय प्रमाणपत्र लागतं. सरळसेवेच्या उमेदवाराकडे ते आधीच असतं. अनुकंपाच्या उमेदवाराकडे बहुधा नसतं, कारण वडील जातील आणि आपण लिपिक होऊ असा विचार करून कुणी टायपिंगच्या क्लासला जात नाही. म्हणून सवलत आहे: आधी रुजू व्हा, साधारण दोन वर्षांत प्रमाणपत्र आणा. तुमच्यासाठी नेमकी तारीख मात्र आदेशात लिहिलेली तीच.

दोन वर्षं पुष्कळ वाटतात. पण परीक्षा महाराष्ट्र राज्य परीक्षा परिषद घेते, ती काही दर महिन्याला होत नाही. एक संधी अर्ज भरायचा राहिला म्हणून जाते, एक नापास होण्यात जाते, एक निवडणुकीच्या कामात जाते, आणि निकाल लागून प्रमाणपत्र हातात यायला आणखी वेळ. रुजू झाल्याच्या महिन्यातच मान्यताप्राप्त संस्थेत नाव घाला. फीची पावती, प्रवेशपत्र आणि प्रत्येक निकाल, नापासाचासुद्धा, जपून ठेवा. प्रयत्न केल्याचा तोच पुरावा.

आमच्याकडे एक मुलगी होती. वडील शिपाई होते, ती लिपिक म्हणून लागली. हुशार. दीड वर्षातच मराठी ३० पास झाली, प्रमाणपत्राची झेरॉक्स संबंधित लिपिकाच्या टेबलावर ठेवली आणि कामाला लागली. तो लिपिक बदलून गेला, झेरॉक्स कुठल्या फायलीत गेली देव जाणे. नवीन आलेल्याने यादी काढली, तिच्या नावापुढे "अप्राप्त", आणि सेवा समाप्त का करू नये अशी नोटीस. बिचारी आठ दिवस जेवली नाही. तिच्याकडे मूळ प्रमाणपत्र होतं आणि निकालाची तारीख मुदतीच्या आतली होती, म्हणून प्रकरण मिटलं. पण कागद आवक शाखेत (कार्यालयात येणारे कागद नोंदवून घेतात तिथे) देऊन दुसऱ्या प्रतीवर शिक्का, आवक क्रमांक आणि तारीख घेतली असती, तर नोटीसच निघाली नसती. टेबलावर ठेवलेला कागद दिला असं धरू नका.

मुदतीत जमणार नाही असं दिसलं तर मुदत संपण्यापूर्वी अर्ज करा. संपल्यावर केलेला अर्ज म्हणजे चुकीची कबुली ठरते. भाषा अशी ठेवा:

"विषय : टंकलेखन अर्हता सादर करण्यास मुदतवाढ मिळणेबाबत. संदर्भ : आपला नियुक्ती आदेश क्र. … दि. …, अट क्र. … . महोदय, उपरोक्त विषयान्वये सविनय सादर करतो की, संदर्भीय आदेशानुसार मी दि. … रोजी रुजू झालो असून अट क्र. … ची मुदत दि. … रोजी संपत आहे. मी दि. … व दि. … रोजीच्या परीक्षांस बसलो होतो (प्रवेशपत्रे व निकाल सोबत). आगामी परीक्षेसाठी अर्ज भरला असून त्याची पावती जोडली आहे. तरी मला … पर्यंत मुदतवाढ मिळावी, ही विनंती."

घरची परिस्थिती, आईचं आजारपण हे सगळं दोन ओळींत. साहेबाला फायलीवर टिप्पणी लिहायची असते. त्याला तारखा लागतात, कहाणी लागत नाही.

अट पूर्ण न झाल्याने सेवा संपवणं ही कायद्याच्या भाषेत "शिक्षा" धरली जात नाही, हे इथे समजून घ्या. परिवीक्षेवरच्या (कामाची परख चालू असलेल्या सुरुवातीच्या काळातल्या) किंवा तात्पुरत्या कर्मचाऱ्याची सेवा नियुक्तीच्या अटींनुसार संपवणं १९७९ च्या नियमांनी शिक्षेच्या यादीबाहेर ठेवलंय. म्हणजे पूर्ण विभागीय चौकशीचं कवच तिथे मिळत नाही. केंद्र सरकारच्या अनुकंपा नियुक्तीबाबतच्या एकत्रित सूचना तर स्पष्टच सांगतात: नियुक्तीच्या अटी न पाळल्यास कारणे दाखवा नोटीस देऊन सेवा संपवता येते, शिस्तभंगाची कार्यपद्धती पाळण्याची गरज नाही.

अर्जात काय लिहिलं होतं, आठवतंय?

दुसरा धोका जुना असतो आणि उशिरा वर येतो. नियुक्तीच नियमाबाहेर झाली होती, असं दहा वर्षांनी निघालं तर? कर्नाटकातल्या कर्मचाऱ्यांचं प्रकरण सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०२० मध्ये निकाली काढलं. पालक वारले तेव्हा हे कर्मचारी अज्ञान होते. तिथल्या नियमात मृत्यूपासून एक वर्षात, वयाची १८ वर्षे पूर्ण करून अर्ज करायचा होता. यांचे अर्ज त्या मुदतीत बसत नव्हते. तरी नियुक्त्या मिळाल्या, नंतर त्या रद्द झाल्या, आणि न्यायालयाने रद्द करणं कायम ठेवलं. केलेल्या नोकरीची वर्षं तिथे कामाला आली नाहीत.

याची दुसरी बाजूही आहे. जानेवारी २०२४ मध्ये उत्तर प्रदेशातल्या सहायक शिक्षकांच्या प्रकरणात (ते अनुकंपाचे नव्हते) सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की पदांच्या हिशेबात चूक दुसऱ्यांची होती, शिक्षकांचा त्यात काही हात नव्हता, तेव्हा त्यांना घरी बसवता येणार नाही. दोन्ही निकाल शेजारी ठेवले की एक व्यवहारी गोष्ट कळते: तुम्ही काही लपवलेलं नाही हे दाखवता येणं, हा तुमचा सर्वांत मोठा आधार आहे. तो असला म्हणजे जिंकलातच असं नाही. नसला तर मात्र उभं राहायला जागाच नाही.

म्हणून मूळ अर्जाची आणि सोबतच्या सर्व प्रतिज्ञापत्रांची प्रत मिळवा. आपल्याकडे नसेल तर कार्यालयाकडे साध्या अर्जाने मागा, टाळाटाळ झाली तर माहितीच्या अधिकारात. मग ती तपासा. मृत्यूच्या तारखेपासून अर्ज मुदतीत होता का, की उशीर क्षमापित केल्याचा आदेश आहे? कुटुंबातल्या सर्वांची नावं खरी लिहिली का? आधीच नोकरीत असलेला भाऊ "विसरला" का? इतर वारसांची ना-हरकत खऱ्या सह्यांची आहे का? दिवंगत कर्मचाऱ्याला ३१ डिसेंबर २००१ नंतर तिसरं अपत्य झालेलं असेल तर कुटुंब योजनेला पात्रच राहत नाही. वारस दाखल्यात एक मूल वगळून हे झाकल्याची प्रकरणं असतात, आणि ती बहुधा भाऊबंदकीतूनच बाहेर येतात. शेताच्या बांधावरून भांडण होतं आणि तक्रार येते नोकरीवर.

काही चुकलेलं सापडलं तर? किरकोळ चूक असेल, म्हणजे जन्मतारखेतला फरक, नावातला फरक, तर पुराव्यासह दुरुस्तीचा अर्ज लगेच द्या. मुद्द्याची गोष्ट असेल तर आधी सेवाविषयक कायदा जाणणाऱ्या वकिलाला भेटा.

हमीपत्र आणि घरातली माणसं

रुजू होताना तुम्ही लिहून दिलेलं असतं की दिवंगत कर्मचाऱ्याच्या कुटुंबातल्या अवलंबितांचा सांभाळ मी करीन. बहुतेकांना ती औपचारिकता वाटते. लग्न होतं, बदली होते, आई धाकट्याकडे राहते, आणि एक दिवस आईच्या अंगठ्याचा अर्ज साहेबांच्या टपालात येतो. हमीपत्र न पाळणं हे सेवा समाप्तीचं कारण होऊ शकतं. अशा प्रकरणांत न्यायालयं नेहमीच नोकरीवर घाव घालत नाहीत. २०२५ मध्ये राजस्थान उच्च न्यायालयाने अनुकंपावर लागलेल्या सुनेच्या पगारातून दरमहा २० हजार रुपये सासऱ्यांना देण्याचा आदेश दिला. पण त्या टोकाला का जायचं.

आईला पैसे देत असाल तर रोख देऊ नका, खात्यावर पाठवा. रक्कम थोडी असली तरी चालेल, तारीख चुकवू नका. हे लिहिताना मलाही बरं वाटत नाही, आईला पैसे देताना पावती कसली. पण तक्रार आल्यावर "साहेब, मी दर महिन्याला देत होतो हो" याला किंमत नसते, पासबुकाच्या नोंदीला असते. विधवा सुनेनं किंवा पत्नीनं पुनर्विवाह केला म्हणून नोकरी जाते, ही भीती मात्र मनातून काढा. केंद्राच्या सूचनांत पुनर्विवाहानंतरही नोकरी चालू राहील असं स्पष्ट लिहिलंय. सासू-सासरे तिच्यावर अवलंबून असतील तर सांभाळाची जबाबदारी मात्र राहते.

नोकरी "नावावर करून देता" येते का, असंही विचारतात. प्रतीक्षायादीत असेपर्यंत एका वारसाऐवजी दुसऱ्याचं नाव घालण्यावर मोठा वाद झाला, २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने ती वाट मोकळी केली आणि २०२५ च्या धोरणात तशी तरतूद आली. पण हे सगळं यादीपुरतं. एकदा नियुक्ती स्वीकारली की ती तुमचीच, भावाला देता येत नाही.

शिपाई म्हणून घ्यावी का?

पदवीधर मुलाला गट ड चं पद देऊ केलं जातं आणि सल्ला मिळतो, "आत्ता घे, मग लिपिक मागू." मागता येत नाही. अनुकंपाचा लाभ एकदाच. पद स्वीकारलं की तो संपला, हे सर्वोच्च न्यायालयाने राजस्थानच्या प्रकरणात १९९४ पासून सांगितलंय. पुढे जायची वाट म्हणजे खात्यांतर्गत पदोन्नती किंवा स्पर्धा परीक्षा. गट क ची जागा येईपर्यंत थांबणं परवडत असेल तर लेखी पर्याय द्या, फक्त ४५ वर्षांची वयोमर्यादा डोळ्यासमोर ठेवा. ती उलटली की यादीतून नाव जातं.

सेवापुस्तक

तुमच्या नोकरीच्या सगळ्या नोंदी कार्यालय या पुस्तकात ठेवतं. वर्षातून एकदा मागून बघा. पहिल्या पानावर जन्मतारीख, शिक्षण, बोटांचे ठसे, फोटो. आत नियुक्तीची नोंद, वैद्यकीय प्रमाणपत्राची, चारित्र्य पडताळणीची, प्रत्येक परीक्षा उत्तीर्ण झाल्याची, वार्षिक वेतनवाढीची. प्रत्येक नोंदीखाली अधिकाऱ्याची सही हवी. सही नसलेली नोंद म्हणजे नुसती शाई. दुय्यम सेवापुस्तक आपल्याकडे ठेवा आणि तेही अद्ययावत करून घ्या. परिवीक्षा असेल तर ती समाधानकारक पूर्ण झाल्याचा आदेश, आणि तीन वर्षांची नियमित सेवा झाली की स्थायित्व प्रमाणपत्र, हे दोन कागद मागून घ्यायचे असतात. आपण होऊन कुणी देत नाही. स्थायित्व मिळालं की नोकरीचा पाया खरा घट्ट होतो. तिथून पुढे सेवा संपवायची तर चौकशीच्या दारातूनच जावं लागतं.

न सांगता गैरहजर राहू नका, एवढं एकच वाक्य वर्तणुकीबद्दल. वडिलांच्या जागी विशीत लागलेली पोरं सहा-सहा महिने गायब झालेली मी पाहिली आहेत.

नोटीस आलीच तर

घ्यायला नकार देऊ नका. घ्या, सही करा, खाली तारीख आणि वेळ घाला. नोटिशीत नेमकी कोणती अट मोडली, कोणता पुरावा आहे ते लिहिलंय का बघा. नसेल तर तीन-चार दिवसांत कागदपत्रांच्या प्रती मागणारा अर्ज द्या आणि खुलाशासाठी मुदत मागा. खुलासा मुद्द्याला मुद्दा असा लिहा. प्रत्येक मुद्द्यापुढे सहपत्राचा क्रमांक. शेवटी "समक्ष म्हणणे मांडण्याची संधी मिळावी" हे वाक्य विसरू नका, कारण संधी मागूनही दिली नाही, हा पुढे तुमचा मुद्दा होतो. नोटिशीत अटीचं नाव घेऊन प्रत्यक्षात गैरवर्तनाचा आरोप केलेला असेल (लबाडी केली, बनावट कागद दिला) तर खुलाशात स्पष्ट लिहा की हा ठपका आहे आणि ठपका ठेवून सेवा संपवायची तर १९७९ च्या नियमांतल्या नियम ८ खाली रीतसर चौकशी झाली पाहिजे.

तोंडी आदेशावर घरी बसू नका. "उद्यापासून येऊ नको" असं कुणी म्हणालं तर दुसऱ्या दिवशी हजर व्हा, हजेरीपटावर सही करू दिली नाही तर त्याच दिवशी आवक शाखेत तसा अर्ज द्या.

सेवा समाप्तीचा आदेश निघाला तर दार कोणतं, हे मालकावर ठरतं. राज्य शासनाच्या कर्मचाऱ्याने महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जायचं, आपण त्याला मॅट म्हणतो. मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे पीठं आहेत. त्याआधी नियमांत अपील असेल तर ते करावं लागतं. जिल्हा परिषदेचे कर्मचारी मॅटच्या कक्षेत येत नाहीत. त्यांना विभागीय आयुक्तांकडचं अपील आणि मग उच्च न्यायालय. अनुदानित खासगी शाळेतल्यांना शाळा न्यायाधिकरण, आणि तिथे मुदत फक्त ३० दिवसांची आहे. केंद्राच्या कर्मचाऱ्यांना केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण.

मॅटमध्ये आणि केंद्रीय न्यायाधिकरणात अंतिम आदेशापासून एक वर्षात अर्ज करायचा असतो. अपील केलंय आणि सहा महिने उत्तरच नाही, तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्ष. साहेबांना भेटत राहिलो, मंत्रालयात फेऱ्या मारल्या, आमदारांचं पत्र आणलं, यातल्या कशानेही ही मुदत वाढत नाही. आदेश तुमच्या हातात नेमका कधी पडला हा पुढे वादाचा मुद्दा होऊ शकतो, म्हणून पोच देताना सहीखाली तारीख स्वतःच्या हाताने घाला आणि त्या पानाचा तिथेच मोबाइलवर फोटो काढा.